अकराशे चाळीस वाक्यं

आमच्या लेकीचा आवाज पहिल्यापासून मोठा. पाळण्यात ती रडायला लागली की दोन घरं सोडून राहणारी शिवणवाली खिडकीतून डोकं काढून विचारायची, "गाडी आली का हो?" हे इंजिनावर ड्रायव्हर होते, म्हणून तिची ती थट्टा. यांनीच मग लेकीचं नाव भोंगा पाडलं. शाळेत बाईंनी तिला कधी पुढच्या बाकावर बसवलं नाही. मागून बोलली तरी फळ्यापर्यंत ऐकू जायचं. पुढे ती तरणतलावावर पोहायला शिकवायला लागली. फरशा लावलेल्या त्या लांबलचक दालनात बाकीचे शिक्षक शिट्ट्या फुंकून दमायचे. हिच्याही गळ्यात शिट्टी असायची, पण नुसती लटकलेली.

गेल्या हिवाळ्यात त्या आवाजाला चरा पडला. आम्ही म्हटलं, पाण्यातली सर्दी आहे. ती सर्दी नव्हती. डॉक्टरांनी कागदावर गळ्याचं चित्र काढलं, त्यात एक ठिपका दिला आणि म्हणाले, "स्वरयंत्र काढावं लागेल. जीव वाचेल. आवाज वाचणार नाही."

रुग्णालयात वाचा-उपचार करणाऱ्या एक बाई होत्या. आमची नात चिमी नऊ वर्षांची, तिने त्यांना वाचाबाई असं नाव दिलं आणि मग सगळेच तेच म्हणायला लागले. वाचाबाईंनी एक वाट दाखवली. शस्त्रक्रियेआधी लेकीने नेमून दिलेली वाक्यं वाचायची. ती वाक्यं यंत्राला शिकवायची. नंतर लेक जे टाइप करेल ते यंत्र तिच्याच आवाजात बोलेल. "तीनशे वाक्यांच्या खाली यंत्र आवाज बनवत नाही," त्या म्हणाल्या, "आणि हजाराच्या पुढे गेलात तर चिमीलासुद्धा फरक कळणार नाही."

लेकीचं घर मोठ्या रस्त्यावर, दिवसभर ट्रकांची घरघर. म्हणून रेकॉर्डिंग आमच्या मागच्या खोलीत करायचं ठरलं. भिंतींना रजया टांगल्या, दाराला यांचा जुना ड्युटीचा कोट. लेक मधे खुर्चीत, समोर माइक, आणि संगणकापाशी मी. तीन आठवडे रोज सकाळी दोन तास. वाक्यं तरी काय एकेक! "पिवळ्या छत्रीखाली दोन माणसं भांडत होती." "झाकण घट्ट लावल्याशिवाय बरणी हलवू नये."

"आई, हे मी जन्मात कुणाला म्हणणार आहे?" ती विचारायची.

"म्हणशील एखाद्या बरणीला. वाच पुढचं."

हजार वाक्यं झाल्यावर तिने स्वतःची एकशे चाळीस घातली. "चिमी, ओल्या पायांनी गादीवर चढू नकोस." "पाय सरळ, पाय सरळ, बेडूक आहेस का?" नवऱ्यासाठी, "तुझे मोजे तूच शोध." तेव्हा तिचा आवाज थोडा खरखरीत झाला होता, पण होता तिचाच. त्यानंतरच्या आठवड्यातच तो बसत गेला. सकाळी असायचा, दुपारी जायचा.

मी अठ्ठावीस वर्षं रेल्वेच्या कचेरीत टंकलेखिका होते. ड्रायव्हर लोक फेरी संपवून आले की त्यांचे अहवाल आमच्याकडे यायचे. यांची माझी ओळख तिथलीच. यांचं अक्षर इतकं वाईट की तीन वेळा बोलावून विचारावं लागायचं. चौथ्या वेळी हे न बोलावता आले. त्या कचेरीत एक नियम होता आणि तो माझ्या हाडात मुरला होता. मूळ कागद आणि कार्बन प्रत एकाच टाचणीत. प्रत दुसऱ्या कपाटात ठेवली तर आमचे मोठे साहेब कागद टेबलावर आपटायचे. "वेगळी ठेवलेली प्रत हरवलेली समजा."

तेव्हा लेकीच्या वाक्यांची मी प्रत केली, बाहेरच्या छोट्या डिस्कवर. आणि ती डिस्क संगणकाला जोडलेलीच ठेवली. रबर लावून, पाठीला बांधून. वर मनात म्हटलं, एवढी काळजी कोण घेतं?

त्याच दिवसांत यांच्या जुन्या सहायकाचा फोन आला. इंजिनावर यांच्या शेजारी त्याने पंधरा वर्षं काढली होती. अजून यांना उस्ताद म्हणतो.

"उस्ताद, आपली लाइन सापडली!"

यांची लाइन म्हणजे डोंगरातली. अकरा बोगदे, एक पाण्याची टाकी, आणि एका वळणावर इतका चढ की इंजिन धापा टाकायचं. एकतीस वर्षं हे त्या लाइनवर होते. नऊ वर्षांपूर्वी तिथले रूळ उखडून नेले. त्या दिवशी हे जेवले नव्हते.

"सापडली म्हणजे? रूळ परत टाकले काय?"

"संगणकावर हो. सिम्युलेटर. हुबेहूब. ब्रेकची मूठसुद्धा आपलीच. फक्त बनवणाऱ्याने विकणं बंद केलंय, म्हणून टोरेंटवरून उतरवायचं. मी सांगतो तसं करा."

मी बाजूलाच होते. फोन हातात घेऊन म्हटलं, "अरे, हे चोरीचं ना?"

"वहिनी, जी वस्तू कुणी विकतच नाही ती चोरायची कशी? सगळे असंच घेतात. खाली दोनशे जणांनी लिहिलंय, मस्त चालतं म्हणून."

ते दोनशे जण कोण, हे त्यालाही माहीत नव्हतं. टोरेंटमध्ये वस्तू एका दुकानातून येत नाही. जगभरच्या अनोळखी लोकांच्या संगणकांतून तुकड्यातुकड्यांनी येते आणि आपल्या घरी जुळते. मला ते तेव्हा गमतीचं वाटलं. आता वाटतं, रस्त्यावरच्या दोनशे अनोळखी माणसांना आपण घराची किल्ली दिली असती का?

पण खरं सांगायचं तर मी जास्त विचारलं नाही. लेकीच्या गळ्यातली गाठ कळल्यापासून हे खिडकीशी उभे राहायचे ते उभेच. लेक रेकॉर्डिंगला आली की बाहेरच्या खोलीत कान देऊन बसायचे आणि ती बाहेर आली की पेपर उचलायचे. दोन महिन्यांत या माणसाने पहिल्यांदा काहीतरी हवं म्हटलं होतं.

शनिवारी मी लेकीची सगळी वाक्यं एका गठ्ठ्यात बांधून वाचाबाईंना पाठवायला लावली. पडद्यावरची पट्टी सरकेना. यांचं टोरेंट दोन दिवसांपासून चालू होतं, त्यात इंटरनेटचा जीव जात होता.

"अगं, माझं ब्याण्णव टक्के झालंय," हे म्हणाले. "मधे तोडलं तर बिघडेल. तुझं मंगळवारी पाठव ना. मुदत बुधवारची आहे."

माझं सहा टक्के झालं होतं. मी बंद केलं. अर्धवट गठ्ठा उघडत नाही, त्यामुळे गेलेल्या सहा टक्क्यांचा कुणाला उपयोग नव्हता.

सोमवारी दुपारी हे गेम बसवायला बसले. सोबत एक सूचनांचा कागद आला होता. पहिलीच सूचना अशी की व्हायरस पकडणारा प्रोग्राम आधी बंद करा, तो या गेमला उगाच चोर समजतो. आणि खरंच, फाइल उघडताच पडद्यावर लाल चौकट येऊन घंटा वाजायला लागली. दुसऱ्या कुणी कदाचित हात आखडता घेतला असता. हे हसले.

"हे बटण आलं बघ इथेही!"

यांच्या इंजिनात एक बटण असायचं. ड्रायव्हर जागा आहे ना हे पाहायला दर मिनिटाला घंटा वाजायची आणि बटण दाबावं लागायचं. जुन्या इंजिनांत ती यंत्रणा नेहमी बिघडलेली. माणूस टक्क जागा असला तरी वाजत राहायची. मग ड्रायव्हर तिची कळ बंद करायचे, वर वहीत वेळ लिहायचे, 'यंत्र नादुरुस्त, बंद करून गाडी पुढे नेली.' असे शेकडो अहवाल मी स्वतः टाइप केले होते. खोटी घंटा बंद करणं हे यांच्या लेखी कामच होतं. यांनी व्हायरसवाला प्रोग्राम बंद केला आणि सवयीने कागदावर वेळ लिहिली. तीन वाजून पन्नास मिनिटं.

गेम चालला. तेच तर वाईट. चाललाच नसता तर आम्ही घाबरलो तरी असतो.

"अगं ये लवकर, टाकी बघ!"

मी गेले. पाण्याची टाकी होती, तिच्या पायाशी गंजलेला नळसुद्धा होता. लग्नानंतर एकदा नियम मोडून यांनी मला इंजिनात बसवून नेलं होतं, तेव्हा त्या नळाखाली मी काजळीने भरलेलं तोंड धुतलं होतं. हे एका हाताने मूठ धरल्यासारखं करून माउस हलवत होते. चौथा बोगदा आला तेव्हा दोघंही गप्प झालो. बोगद्यात गप्प बसायची तेव्हाही सवय होती.

मंगळवारी सकाळी मी गठ्ठा पाठवायला बसले. एकही फाइल उघडेना. प्रत्येक नावापुढे कसलीतरी अक्षरांची शेपटी लागली होती. मी घाईने डिस्ककडे वळले. तिथे तीच शेपटी. मग पडद्याच्या मधोमध एक चिठ्ठी आली. तुमच्या फाइलींना कुलूप लावलं आहे, किल्ली हवी असेल तर अमुक इतके पैसे पाठवा, बहात्तर तासांनंतर किल्ली नष्ट होईल.

मी यांना हाक मारली. हे आले, चिठ्ठी वाचली आणि खाली बसले. खुर्ची नव्हती तिथे. जमिनीवरच बसले.

संगणक दुरुस्तीवाला तासाभरात आला. भला माणूस. त्याने सगळं पाहिलं, यांनी वेळ लिहिलेला कागदही पाहिला. "कुलपं लावायला चार-दहाला सुरुवात झाली. वीस मिनिटांनी."

म्हणजे आम्ही चौथ्या बोगद्यात होतो तेव्हा.

"डिस्क जोडलेली का ठेवलीत, आजी? काढून कपाटात ठेवली असती तर आत्ता हसत असतो आपण."

कचेरीचा नियम त्याला कुठे ठाऊक? मोठे साहेब जाऊन वीस वर्षं झाली.

"यावर उतारा?" यांनी विचारलं.

"काही जुन्या कुलपांच्या किल्ल्या लोकांनी शोधून काढल्यात, फुकट मिळतात. हे नवं आहे. पैसे दिले तरी किल्ली देतीलच असं नाही. आणि ते ज्या ऑनलाइन नाण्यात मागतायत ते नुसतं हातात यायला तुम्हाला चार दिवस लागतील. डिस्क जपून ठेवा. दोन-चार वर्षांत किल्ली निघेलही."

"गुरुवारी शस्त्रक्रिया आहे," मी म्हटलं. त्याने बॅग उचलली आणि आमच्याकडून काहीच न घेता गेला.

चिठ्ठीखाली त्या लोकांना निरोप पाठवायची एक चौकट होती. हे म्हणाले, "तू टाइप कर, मी सांगतो." माझी बोटं जुन्या सवयीने चालली. पहिल्या ओळीत 'विषय' लिहून गेले. विषय: मुलीच्या आवाजाबाबत. खाली यांनी सांगितलं ते लिहिलं. महाशय, माझ्याकडून चूक झाली आहे. बाकी सर्व ठेवून घ्या. फोटो ठेवा, कागद ठेवा. 'आवाज' नावाच्या फोल्डरमध्ये माझ्या मुलीची अकराशे चाळीस वाक्यं आहेत. परवा तिचं स्वरयंत्र काढणार आहेत. ती वाक्यं तुमच्या काही कामाची नाहीत. तेवढी परत करावीत ही विनंती.

ज्यांना आमची भाषा येत नव्हती त्यांना आम्ही हे पाठवलं. संगणकानेच त्याचं भाषांतर केलं, कसं केलं देव जाणे. दोन मिनिटांत उत्तर आलं. यांचा चेहरा क्षणभर उजळला. उत्तरात पहिल्या चिठ्ठीतल्याच तीन ओळी होत्या, जशाच्या तशा. हे परत म्हणाले, "लिही." आम्ही सात वेळा लिहिलं. सातही वेळा त्याच तीन ओळी आल्या. माणूस बसलाच नव्हता तिथे.

बुधवारी सकाळी लेक दाखल झाली. मी म्हटलं, मी सांगते तिला. हे म्हणाले, "नाही. गाडी माझ्या हातात होती."

ती पलंगावर उशीला टेकून बसली होती, चिमी तिची वेणी घालत होती, जावई फॉर्म भरत होते. हे पायाशी उभे राहिले आणि अहवाल द्यावा तसं सगळं सांगितलं. काय उतरवलं, काय बंद केलं, किती वाजता. डिस्कचं सांगताना 'तुझ्या आईने' असं म्हणाले नाहीत. 'डिस्क जोडलेली होती' एवढंच म्हणाले. तेव्हा मी म्हटलं, "मी ठेवली होती जोडून."

लेकीचा आवाज त्या दिवशी म्हणजे कागद फाटल्यासारखा होता. "अकराशे वाक्यं, बाबा." मग, "रेल्वेच्या खेळापायी."

"हो."

"बाहेर जा."

हे बाहेर जाऊन बाकावर बसले. चिमीने वेणी सोडून दिली आणि आईच्या दंडावर तोंड लपवलं.

वाचाबाई आल्या. त्यांनी ऐकून घेतलं, कुणाला बोल लावला नाही. लेकीला "आ" म्हणायला लावलं, घड्याळ पाहिलं. "या गळ्यातून आज फार तर पन्नास निघतील. त्यात यंत्राचा आवाज बनत नाही. पण जी बोलाल ती जशीच्या तशी बटणांखाली ठेवता येतील. बटण दाबलं की तेच वाक्य, आत्ता म्हणाल त्याच सुरात. नवं वाक्य मात्र कधी बनणार नाही. तेव्हा काय बोलायचं ते जपून निवडा. दुपारी चादरींची खोली मिळवते, तिथे आवाज घुमत नाही."

पन्नास वाक्यं. जन्मभरासाठी. एक्स-रेच्या पाकिटाच्या पाठीवर ती यादी करायला बसली.

"'नाही' लिही पहिलं," जावई म्हणाले. "ते तुला रोज लागतं."

"'नाही' नको!" चिमी उसळली. "'हो' दहा वेळा घे. 'नाही' एकदाच, आणि ते हळू."

लेक हसली, हसताना खोकला आला. तिने 'नाही' तीन सुरांत लिहिलं आणि 'हो' तीन सुरांत. 'थांब.' 'माझं झालं नाही अजून.' 'दुखतंय.' 'दुखत नाही.' 'मला ऐकू येतं, ओरडू नका.' हे वाक्य तिला वाचाबाईंनी सुचवलं. आवाज गेलेल्या माणसाशी लोक बहिऱ्याशी बोलावं तसं बोलतात म्हणे. चिमीला हाक मारायची चार वाक्यं. एक लाडाची, एक रागाची, एक जेवायला, एक लांबून. लांबून हाक मारायची तेवढी शक्ती राहिली नव्हती, तरी तिने ती ठेवली. माझ्यासाठी 'आई, बस ना जरा.' नवऱ्यासाठी काय लिहिलं ते तिने हाताने झाकलं.

यादी मी पाहिली. सत्तेचाळीस होती. त्यात 'बाबा' कुठेच नव्हतं. त्याबद्दल बोलायला मला तोंड तरी कुठे होतं?

चादरींच्या खोलीत छतापर्यंत घड्या रचलेल्या होत्या. स्टार्चचा वास. वाचाबाईंनी माइक लावला, मी यादी धरून उभी राहिले. लेक एकेक म्हणत गेली. दर वाक्याला गरम पाण्याचा घोट. दहाव्याला आवाज बरा होता. विसाव्याला अर्धा शब्द गळत होता, तोच परत म्हणावा लागत होता. 'चिमी!' ही लांबून मारायची हाक तिने पाच वेळा मारली. पाचव्यांदा थोडी जमली. मी घड्यांकडे तोंड केलं. मला तलावाचं दालन आठवलं, दोनशे माणसांच्या गोंगाटावरून येणारा तिचा हुकूम.

एकतिसावं झालं तेव्हा वाचाबाई म्हणाल्या, "आता दोन-तीनच निघतील. कुठली घेऊ या?"

लेकीने यादीकडे पाहिलंच नाही. दाराकडे बोट केलं. कुजबुजली, "बाबांना बोलवा."

हे आत आले. चष्मा हातात, शर्टाचं वरचं बटण चुकीच्या काजात. ती उठून उभी राहिली, माइक जवळ ओढला. यांच्याकडे पाहत तोंड उघडलं. नुसती हवा आली. पाणी प्यायली. परत उघडलं. ओठ हलले, मानेच्या शिरा ताणल्या, घशातून एक घासल्यासारखा आवाज आला आणि थांबला. तिसऱ्यांदा तेवढाही नाही.

"पुरे," वाचाबाई म्हणाल्या. "आता ताण नको." पडद्यावर एक रिकामी रेघ रेकॉर्ड झाली होती. "ही काढून टाकते."

"राहू द्या," हे म्हणाले.

मग तिच्याजवळ गेले. हळूच विचारलं, "काय म्हणणार होतीस गं? शिव्या दे, मला चालतील."

तिने माझ्या हातातून पेन्सिल घेतली आणि पाकिटाच्या कोपऱ्यात लिहिलं. बराच वेळ लिहीत होती, एवढ्याशा ओळीसाठी. यांनी चष्मा लावून दोनदा वाचलं आणि पाकीट माझ्याकडे दिलं.

'मला तरी कुठे माहीत होतं? बोलायला लागले असते म्हणजे कळलं असतं.'

दारात परिचारिका चादरी न्यायला थांबली होती. आम्ही खोली रिकामी करून दिली.